शेतकऱ्याचे मनोगत, कॅमेऱ्याच्या तोंडून

मंडळी, शाळेत आपण सगळ्यांनी 'शेतकऱ्याचे मनोगत' लिहिलंय. मी तर शेतकऱ्याचाच पोरगा, तरी गाइडातून उतरवलं आणि दहापैकी आठ मार्क घेतले. बाप तिकडे फवारणीचा पंप पाठीवरून उतरवत होता. त्यालाच विचारावं, हे काही सुचलं नाही.

आपल्या भागावरच्या बऱ्याच डॉक्युमेंटरी मला त्या निबंधासारख्या वाटतात. भेगाळलेली जमीन, हार घातलेला फोटो, मागे बासरी. वर एक भारदस्त आवाज, आपल्याला काय वाटलं पाहिजे ते सांगणारा.

म्हणून 'निबंधपट', म्हणजे इंग्रजीतली 'एसे फिल्म', म्हटलं की घोळ होतो. आपल्या निबंधात 'बंध' आहे, बांधून काढणं आहे. फ्रान्सच्या मोंतेन्य नावाच्या लेखकानं १५८० साली पुस्तकाला 'एसे' नाव दिलं, त्याचा अर्थ प्रयत्न, चाचपून पाहणं. निबंधपट या दुसऱ्या जातीचा.

क्रिस मार्कर या फ्रेंच दिग्दर्शकानं सायबेरियावरच्या त्याच्या चित्रपटात याकुत्स्क शहरातला एकच तुकडा तीनदा दाखवला: रस्ता, बस, काम करणारे मजूर. पहिल्यांदा निवेदक सोव्हिएत राजवटीची आरती ओवाळतो, दुसऱ्यांदा तिला शिव्या घालतो, तिसऱ्यांदा शांतपणे वर्णन करतो. चित्र तेच. मी हा प्रयोग आमच्या बाजारच्या दिवसाच्या एका शॉटवर करून पाहिला. तिन्ही वेळा पटलं, आणि स्वतःचीच भीती वाटली.

फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दाचा २००० सालचा 'द ग्लीनर्स अँड आय' मात्र थेट आपल्या बांधावरचा. ग्लीनर म्हणजे सरवा वेचणारे. पीक निघाल्यावर रानात राहिलेलं गोळा करणाऱ्यांच्या मागे ही सत्तरी ओलांडलेली बाई छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन हिंडते. बाजारात न चालणारे पत्त्यातल्या बदामाच्या आकाराचे बटाटे घरी आणते. मधेच स्वतःचा सुरकुतलेला हात न्याहाळते. एकदा कॅमेरा बंद करायचा राहिला, आणि लोंबणारं लेन्सचं झाकण जमिनीवर नाचताना टिपलं गेलं. आपण ते कापून टाकलं असतं. तिनं संगीत लावून ठेवलं. तीही वेचणारीच ना!

ते पाहून मी मार्चमध्ये शेवटच्या वेच्यानंतरच्या वावरात गेलो. एक आजी वाळल्या पऱ्हाटीतून कवडी कापूस ओढत होती. सुकलेल्या बोंडाचं टोक बोटात रुततं. ती बोट चोखायची, की पुढचं बोंड. मी तयारीनं गेलेलो, डोक्यात कर्ज, बोंडअळी, भाव. म्हटलं, आजी, हे कशासाठी? तर म्हणते, "वाती वळाले. आन् तू काय वेचून रायला बापू?"

मला उत्तर आलं नाही. गडबडीत मोबाईल खाली गेला आणि पुढची चार मिनिटं नुसती माती, तिचे पाय आणि बोंड तुटल्याचा कडक् आवाज. संकलन करताना तिथं निवेदन टाकायचा मी तीनदा प्रयत्न केला, तीनदा पुसलं.

मागचे लाइट घालवा जरा. तेवढा तुकडा लावतो.