त्रिरश्मीवरून गोवर्धनला

(दृश्य: फेब्रुवारीतली सकाळ. नाशिकच्या दक्षिणेचा त्रिकोणी डोंगर. खाली महामार्गावरून ट्रकची रांग सरकते आहे.)

आजच्या सहलीच्या पत्रकावर मोठ्या अक्षरांत वाइन आहे. पण आमच्या मार्गदर्शक ताईंचा एक नियम आहे. आधी डोंगर, मग द्राक्ष. चाखून झाल्यावर लेण्यात पाऊल टाकायचं नाही. इथे जे भिक्षू राहिले, त्यांनी मद्य न घेण्याचं शील आयुष्यभर पाळलं. त्यांच्या दाराशी जाताना तेवढा मान राखायलाच हवा.

सुमारे २०० पायऱ्या. थंडी अजून आहे, आणि थंडीचं महत्त्व आज दुपारपर्यंत आपल्याला कळणार आहे.

याला लोक पांडवलेणी म्हणतात. पांडवांचा इथे काही संबंध नाही. ही २४ बौद्ध लेणी आहेत, इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकापासून पुढे काही शतकं कोरली गेलेली. डोंगराचं जुनं नाव त्रिरश्मी. ते नाव इथल्याच दगडावर लिहिलेलं आहे.

(दृश्य: लेणं क्रमांक १०. ओसरीतले घंटाकृती खांब. कॅमेरा भिंतीवरच्या ब्राह्मी अक्षरांवरून हळूहळू सरकतो.)

दहाव्या लेण्याच्या ओसरीत थांबूया. घाई करू नका, कारण आजच्या दिवसाचा धागा या भिंतीतून निघतो.

हा लेख उषवदाताचा. क्षहरात घराण्यातला क्षत्रप, म्हणजे इथला राज्यकर्ता, नहपान याचा हा जावई. आपण केलेली दानं तो मोजून सांगतो: तीन लाख गाई, नद्यांवरच्या नावा, पाणपोया. चार गावांत त्याने प्रवाशांसाठी चौसोपी धर्मशाळा बांधल्या. गावांची नावं एका दमात येतात: भरुकच्छ, दशपूर, गोवर्धन, शूर्पारक. म्हणजे भडोच, मंदसौर, गोवर्धन आणि सोपारा. पुढे तो म्हणतो, गोवर्धनातल्या त्रिरश्मी पर्वतात मी हे लेणं करवलं आणि या पोढी, म्हणजे पाण्याची टाकी, खोदवल्या. ‘लेण’ हा शब्द तिथे जसाच्या तसा आहे. आपण आजही तोच बोलतो.

गोवर्धन हे नाव लक्षात ठेवा.

याच लेण्यातला दुसरा लेख म्हणजे मुदत ठेवीची पावतीच आहे. उषवदाताने ३,००० कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणींकडे, म्हणजे व्यवसाय-संघांकडे, ठेवले. २,००० एका श्रेणीकडे, महिना शेकडा १ व्याजाने. १,००० दुसरीकडे, महिना शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल परत घ्यायचं नाही, फक्त व्याज वापरायचं. पावसाळ्यात इथे राहणाऱ्या २० भिक्षूंना वस्त्रांसाठी प्रत्येकी १२ कार्षापण मिळायचे. गणित करून बघा: २,००० वर महिन्याला २०, वर्षाला २४०. वीस भिक्षूंना बरोबर बारा बारा. एक नाणं इकडचं तिकडे नाही. आणि हा व्यवहार निगमसभेत, म्हणजे नगराच्या सभेत, वाचून दाखवला, फलकावर नोंदवला, असंही लेख सांगतो. दोन हजार वर्षांपूर्वीच्या आपल्या गावात असा चोख हिशेब होता, हे वाचताना माझा ऊर भरून येतो.

(दृश्य: लेणं क्रमांक ३. दगडी चौकट पाठीवर पेलणारी बुटकी यक्षमूर्ती.)

तिसरं लेणं सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णीचं. त्याने नहपानाचा पराभव केला. इथून जवळच जोगलटेंभी गावात १९०६ साली चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. १३ हजारांहून अधिक नाणी, सगळी नहपानाची, आणि त्यातल्या दोन तृतीयांशांहून अधिक नाण्यांवर सातकर्णीने आपला छाप पुन्हा मारलेला. चांदी तीच, राजा नवा.

मला मात्र इथला जमिनीचा कागद जास्त जवळचा वाटतो. सातकर्णी गोवर्धनच्या अमात्याला आज्ञा देतो: उषवदाताकडे असलेलं २०० निवर्तनं (निवर्तन हे जमिनीचं जुनं माप) शेत या भिक्षूंना द्या. सहा वर्षांनी दुसरी आज्ञा निघते, यावेळी राजा आणि राजमाता दोघांच्या नावे. कारण लेखातच दिलं आहे: ते गाव वसत नाही, ते शेत कुणी कसत नाही. मग त्याऐवजी नगराच्या सीमेवरचं १०० निवर्तनं राजाच्या मालकीचं शेत दिलं जातं. ‘कसणं’ हे क्रियापद त्या प्राकृतात आहे. गाव उठलं की शेत पडीक पडतं, हे नाशिकच्या दगडावर कोरलेलं आहे. दुपारी बागेत गेल्यावर ते आठवेल.

आता वाइनकडे वळूया, पण अजून डोंगरावरूनच. इसवी सनाच्या पहिल्या शतकात एका ग्रीक व्यापाऱ्याने अरबी समुद्रावरच्या व्यापाराची माहिती लिहून ठेवली, तिला पेरिप्लस म्हणतात. भडोच बंदरात काय उतरतं, याच्या यादीत पहिल्यांदा येते वाइन. त्यातही इटलीची सगळ्यांत पसंतीची. आणि राजासाठी खास उंची वाइन वेगळी. तो राजा म्हणजे नहपानच, असं बहुतेक अभ्यासक मानतात. ज्या भडोचला जावयाने धर्मशाळा बांधली, त्याच भडोचला सासऱ्याची वाइन जहाजातून उतरत होती. सतराव्या लेण्याचा दाता तर उत्तरेकडून आलेला यवन, म्हणजे ग्रीक, आहे, इंद्राग्निदत्त नावाचा. या डोंगराला परका माणूस नवा नव्हता.

(दृश्य: गोदाघाट. रामकुंडावरची गर्दी.)

पंचवटीत आम्ही तासभरच थांबतो. नारोशंकराच्या देवळावरची घंटा पोर्तुगिजांची, वसईच्या विजयानंतर इथे आलेली. तिच्यावर १७२१ हे साल आहे.

काळारामाच्या दाराशी मात्र ताई सगळ्यांना एकत्र बोलावतात. २ मार्च १९३० ला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली इथे सत्याग्रह सुरू झाला. मागणी एवढीच होती की माणसाला देवळात जाऊ द्या. दादासाहेब गायकवाडांनी तो नेटाने चालवला. लढा वर्षानुवर्षं चालला, पण दार उघडलं नाही. १९३५ साली याच जिल्ह्यातल्या येवल्यात बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. सकाळी बुद्धाच्या डोंगरावरून आलेली माणसं इथे गप्प होतात. नाशिक दाखवायचं आणि हे दार वगळायचं, अशी सहल मला मान्य नाही.

(दृश्य: गंगापूर रस्ता. बस पश्चिमेकडे वळते.)

मिसळ खाऊन निघालो. ज्यांना चाखायचं आहे त्यांनी पोटभर खाल्लं आहे, आणि बस चालवणारे दादा आज फक्त पाणी पिणार आहेत.

वाटेत आनंदवल्ली लागते. राघोबादादांनी या गावाला आनंदीबाईंचं नाव दिलं. आता तिथे इमारती आहेत. पुढे रस्त्याकडेला एक पाटी येते. ताई बस हळू करायला सांगतात.

पाटीवर लिहिलं आहे: गोवर्धन.

होय, तेच गोवर्धन. सकाळी ब्राह्मीत पाहिलेलं नाव आता ग्रामपंचायतीच्या पाटीवर देवनागरीत आहे. आणि नाशिकच्या वाइनचा आजचा पत्ता हाच आहे. सुला ही वाइन कंपनी इथलीच. राजीव सामंत अमेरिकेतली नोकरी सोडून घरच्या जमिनीवर आले. १९९७ साली त्यांनी सोव्हिन्यॉं ब्लाँ आणि शेनिन ब्लाँ या पांढऱ्या वाइनच्या द्राक्षांची लागवड केली, आणि २००० साली पहिली बाटली बाजारात आली. कंपनीचं नाव आईच्या सुलभा या नावावरून. उषवदाताच्या श्वशुराला जी गोष्ट जहाजाने मागवावी लागायची, ती आता गोवर्धनच्या मातीत होते. हे मी पहिल्यांदा जुळवून पाहिलं, त्या दिवशी मला झोप लागली नव्हती.

(दृश्य: वेल चढवलेल्या इंग्रजी Y आकाराच्या मांडवांच्या रांगा. लहान, गच्च घड. मागे गंगापूर धरणाचं पाणी.)

नाशिकला द्राक्ष नवं नाही. ओझरपासून पिंपळगाव, निफाड, दिंडोरीपर्यंत खायच्या द्राक्षाच्या बागा आहेत. पण वाइनचं द्राक्ष वेगळं. मणी बारीक, साल जाड, आत बिया. खायच्या द्राक्षाला मणी फुगवण्यासाठी घड संजीवकात, म्हणजे वाढीच्या औषधात, बुडवतात, इथे मणी लहानच हवा. रंग, वास आणि तुरटपणा सालीत असतो, आणि मणी लहान असला की रसाच्या मानाने साल जास्त.

युरोपात वेल हिवाळ्यात झोपतो. आपल्याकडे तो झोपतच नाही. म्हणून माणूस त्याला वळण लावतो. एप्रिलमध्ये खरड छाटणी, की काडी तयार होते. पावसाळा सरता सरता गोडी छाटणी, की त्या काडीवर घड येतो. मग हिवाळ्यात, सहाशे मीटर उंचीवरच्या थंड रात्रींत, साखर भरते आणि आंबटपणाही टिकतो. सकाळच्या थंडीचं महत्त्व ते हेच. या दोन छाटण्यांमध्ये भुरी, डावणी हे वेलीचे रोग आणि अवकाळी पाऊस. बागाईतदार काका सांगतात, “गारपीट पाच मिनिटांची असते हो, वर्ष आमचं जातं.”

काकांनी २००० नंतरची धामधूम पाहिली आहे. २००१ साली राज्याचं द्राक्ष प्रक्रिया धोरण आलं, वाइनरी उभ्या राहिल्या, शेतकऱ्यांनी खायच्या द्राक्षाच्या जाती काढून वाइनच्या जाती लावल्या. मग २००८ नंतर मंदी आली. माल उचलला जाईना, पैसे थकले, आणि कित्येकांनी लावलेल्या बागा उपटल्या. वाइनचं द्राक्ष बाजारात नेऊन खायला विकता येत नाही. घेणारा फिरला की शेत पडीक. आज करार लेखी आणि भाव आधी ठरलेला, यावर काका अडून बसतात, आणि माझ्या मते ते बरोबर आहेत.

(दृश्य: चाखण्याची खोली. उंच काचेचे पेले. खिडकीतून दिसणारा डोंगर.)

चाखायला बसल्यावर एकच विनंती. पुस्तकातली परदेशी फळं आठवू नका. पेला तिरका धरा, रंग बघा, हलकेच फिरवा आणि नाक आत घाला. सोव्हिन्यॉं ब्लाँमध्ये मला कापलेली ढोबळी मिरची आणि कैरीची साल सापडते. शेनिन ब्लाँमध्ये अर्धवट पिकलेला पेरू. लाल शिराझला कुटलेल्या मिरीचा वास, आणि जिभेच्या कडांना जांभळासारखा तुरटपणा. एक घोट तोंडात घोळवा. नको असेल तर शेजारच्या भांड्यात टाका, यात कुणाचाही अपमान नाही.

पांढऱ्या वाइनचा रस साल काढून थंड टाकीत आंबवतात. लालचा मात्र सालीसकट. म्हणून पांढरीत फळ लवकर भेटतं आणि लाल जरा उशिरा बोलते.

(दृश्य: फाटकाजवळचा वजनकाटा. ट्रॅक्टरवर क्रेटांची चळत.)

बाहेर येताना काट्यावर एक ट्रॅक्टर उभा होता. एका मुलीने क्रेटमधले चार मणी चिरडून यंत्राच्या काचेवर थेंब टाकला, डोळ्याला लावलं आणि साखरेचा आकडा मोठ्याने वाचला. शेजारच्याने तो वहीत लिहिला: गट नंबर, जात, वजन, साखर. पावती फाडून काकांच्या हातात दिली. काकांनी ती दोनदा वाचली, घडी घातली आणि सदऱ्याच्या वरच्या खिशात ठेवून खिशाचं बटण लावलं.

(दृश्य: ट्रॅक्टर काट्यावरून उतरतो. मागे, दूर, त्रिरश्मी.)