कातळावरचा पावसाळा

मे महिन्यात राजापूर तालुक्यातील या सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, उभे राहिले, तर करपलेल्या गवताचे खुंट आणि काळवंडलेला कातळ यांपलीकडे नजरेत काही भरत नाही. अशा जमिनीला आपण पडीक म्हणत आलो, आणि ते चुकीचे आहे.

हा दगड म्हणजे जांभा. मूळच्या काळ्या बेसॉल्टवर लक्षावधी वर्षे पाऊस झिरपत राहिला, त्यातील सिलिका पाण्याबरोबर निघून गेली आणि लोह व अॅल्युमिनियम मागे राहून दगड घट्ट झाला. त्याचा तांबडा रंग लोहाचा आहे. या दगडातल्या भोकांतून आणि भेगांतून सड्यावर पडलेले पाणी आत उतरते.

पहिल्या सरींनंतर भेगांतल्या मूठभर मातीतून दिपकाडीची पांढरी फुले वर येतात. ती कोकणाबाहेर फारशी आढळत नाहीत. पुढे खळग्यांत पाणी साचते, बेडूक बोलू लागतात आणि जिथे थोडी माती टिकते तिथे भाताची लावणी होते. श्रावणात सीतेची आसवे नावाच्या फुलांनी कातळ निळा-जांभळा होतो. इथल्या पातळ मातीत नत्र फार कमी असते. म्हणून ही नाजूक वनस्पती आपल्या सूक्ष्म पिशव्यांत बारीक जलजीव ओढून घेते, आणि शेजारची दवबिंदू ही वनस्पती पानांवरच्या चिकट थेंबांवर कीटक धरते.

याच तालुक्यातील कशेळीच्या सड्यावर कातळात कोरलेला एक हत्ती सुमारे 18 मीटर लांब आहे. त्याच्या पोटात इतर प्राण्यांच्या आकृत्या आहेत, आणि पावसात त्यांच्या रेषा पाण्याने भरल्या की त्या दुरूनही ओळखू येतात. कोकणातील कातळशिल्पे 2022 मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली.

जांभ्याच्या चिरेखाणींनी आणि आंब्याच्या कलमांसाठी सुरुंग लावून फोडलेल्या खड्ड्यांनी असे कितीतरी सडे संपवले आहेत.

दिवाळीच्या सुमारास गवत पिवळे पडते, कापणी होते आणि भारे डोक्यावर घेऊन माणसे पाखाडीच्या पायवाटेने वाडीकडे उतरू लागतात. उताराच्या मध्यावर, जांभ्याच्या खालच्या कडेतून, झरा अजून वाहतो आहे. भारा खाली ठेवून इथे प्रत्येक जण ओंजळभर पाणी पितो.