तापकीर गल्लीतली यादी

(दृश्य: सकाळ. बुधवार पेठ, तापकीर गल्ली. शटर वर जातायत. हातगाडीवर वायरची भेंडोळी.)

पुण्यात घराचं वायरिंग नव्यानं करायचं ठरलं, की पावलं आपसूक या गल्लीकडे वळतात. काउंटरवर वायरमन यादी वाचून दाखवतो. दीड एमएमची वायर, अडीचची वायर, एमसीबी म्हणजे करंट वाढला की आपोआप पडणारा खटका, डीबी म्हणजे असे खटके बसवायची पेटी. यादीत आणखी एक शब्द कधी असतो, कधी नसतो. आरसीसीबी, म्हणजे करंटची गळती झाली की लाइन तोडणारा खटका. नसला तर घरमालकाला चुकल्यासारखं वाटतही नाही.

(दृश्य: कसबा पेठेतला वाडा. लाकडी पट्टीवरून गेलेली वायर, चिनी मातीचे फ्यूज.)

हे वायरिंग ज्यांनी केलं, त्यांनी त्या काळाप्रमाणे नीटच केलं होतं. तेव्हा भारतीय विद्युत नियम, 1956 लागू होते. घरात चार दिवे, एखादा पंखा, फार तर रेडिओ. पुढे भिंती त्याच राहिल्या. फ्रिज आला, गीझर आला, वॉशिंग मशिन आलं.

फ्यूज वायरीला जपतो. करंट प्रमाणाबाहेर गेला की वितळतो. एमसीबीचं कामही मुख्यतः तेच. पण माणसाला शॉक लागतो, तेव्हा त्याच्या अंगातून जाणारा करंट फ्यूजच्या खिजगणतीतही नसतो. आरसीसीबीची नजर वेगळ्या गोष्टीवर असते: फेजमधून जितका करंट गेला, तितकाच न्यूट्रलमधून परत आला का? घरासाठीचा आरसीसीबी सहसा 30 मिलीअँपिअरचा असतो. तेवढा करंट परत आला नाही, म्हणजे तेवढी गळती झाली, की तो डोळ्याचं पातं लवायच्या आत लाइन तोडतो. 9 वॅटचा एलईडी दिवासुद्धा याहून जास्त करंट घेतो. इतक्याशा करंटवर माणसाचा जीव टांगलेला असतो.

(दृश्य: नियमांच्या जुन्या-नव्या प्रती, एकावर एक.)

हे शहाणपण कागदावर कसं येतं? वीज कायदा, 2003 च्या कलम 53 नं सुरक्षेचे नियम ठरवण्याचं काम केंद्रीय विद्युत प्राधिकरणाकडे सोपवलं. प्राधिकरणानं 2010 मध्ये विनियम आणले, त्यात मधूनमधून दुरुस्त्या केल्या आणि 2023 मध्ये ते नव्यानं लिहिले. ते पाळावेच लागतात. दुसरीकडे आहे भारतीय मानक ब्यूरो. राष्ट्रीय विद्युत संहिता त्यांची: 1985, मग 2011, मग 2023. 2010 च्या विनियमांत या संहितेबद्दल एक बारीक शब्दयोजना होती. संहिता ‘पाळता येईल’, असं त्यात म्हटलं होतं, आणि दोन्हींत फरक पडला तर विनियमाचा शब्द अखेरचा.

प्रत्येक मानकाचा दर पाच वर्षांनी फेरविचार करायचा, अशी ब्यूरोची पद्धत आहे. फेरविचार झाला म्हणजे मजकूर बदलतोच असं नाही. वायरिंगचं मानक, आयएस 732, 1989 नंतर थेट 2019 मध्ये सुधारून आलं. अर्थिंगचं आयएस 3043 आलं 1987 नंतर 2018 मध्ये. तीस वर्षांत पुण्याच्या आजूबाजूची गावंच्या गावं शहरात आली. हा वेळ फार झाला, असं आम्हाला मनापासून वाटतं. अमेरिकेची विद्युत संहिता 1897 ची. ती आता दर तीन वर्षांनी नवी निघते. तिथेही प्रत्येक राज्य ती आपल्या सवडीनं स्वीकारतं, त्यामुळे शेजारच्या दोन राज्यांत वेगवेगळ्या आवृत्त्या चालू असू शकतात.

(दृश्य: सोसायटीचं पार्किंग. दुसऱ्या मजल्याच्या खिडकीतून खाली सोडलेली वायर, टोकाला इलेक्ट्रिक स्कूटर.)

एका बाबतीत मात्र नियम लवकर जागा झाला. प्राधिकरणाच्या विनियमांत 2019 च्या दुरुस्तीनं इलेक्ट्रिक वाहनांच्या चार्जिंग स्टेशनांसाठी स्वतंत्र प्रकरण आलं. सॉकेट जमिनीपासून किमान 800 मिलिमीटर उंच हवं. एक्स्टेन्शन कॉर्ड वापरायची नाही. 30 मिलीअँपिअरचं संरक्षण हवं. खिडकीतून आलेल्या या वायरीला कुणी स्टेशन म्हणणार नाही. पण पावसाळ्यात पार्किंगमध्ये पाणी साचतं, तेव्हा वीज असा भेद करत नाही.

मानकाचा मसुदा समितीत तयार होतो. समितीत उत्पादक असतात, अभियंते असतात, सरकारी खात्यांचे लोक असतात. मग मसुदा सर्वांसाठी खुला होतो, सूचना मागवल्या जातात. प्राधिकरणाचे विनियमही आधी असेच लोकांसमोर ठेवले जातात आणि शेवटी राजपत्रात येतात, हिंदीत आणि इंग्रजीत. तीस वर्षं शिडीवर उभं राहून जुन्या वाड्यांमध्ये काम केलेल्या वायरमनला या कागदावर सांगण्यासारखं खूप असतं. त्याला तो मराठीत वाचायला मिळायला हवा.

(दृश्य: पुन्हा वाडा. संध्याकाळ. भिंतीवर नवा डीबी.)

आज इथं आरसीसीबी बसला आणि तासाभरात तीनदा ट्रिप झाला. “काढून टाका हो ते,” आजी म्हणाल्या. अशा वेळी पुष्कळ घरांत तो खरंच काढला जातो. या वायरमननं काढला नाही. एकेक लाइन बंद करत तो मोरीपर्यंत गेला. गीझर बंद केला, ट्रिप थांबलं. एलिमेंटमध्ये पाणी शिरलं होतं.

नवा एलिमेंट बसल्यावर त्यानं आजींना डीबीपाशी बोलावलं.

“आजी, हे छोटं बटण अधूनमधून दाबून बघायचं.”

आजींनी दाबलं. खट्. वाड्यात अंधार झाला.

“बरोबर,” तो म्हणाला. “आता हा खटका वर करा.”