ताबा होता, नाव नव्हतं

[दृश्य : खाजणातून जाणारा कच्चा रस्ता. दोन्ही बाजूंना ओकची जुनी झाडं, फांद्यांवरून लोंबणाऱ्या करड्या जटा.]

निवेदन :

ऑक्टोबर १८६५. अमेरिकेच्या दक्षिण कॅरोलायना राज्याच्या किनाऱ्याला लागून एडिस्टो नावाचं बेट आहे. तिथल्या चर्चमध्ये त्या दिवशी पाय ठेवायला जागा नव्हती. खाली बाकांवर माणसं, वर गॅलरीत माणसं. परवापरवापर्यंत यातला जवळजवळ प्रत्येक जण कुणाच्या तरी मालकीचा होता.

समोर उभा असलेला माणूस लष्करी गणवेशात होता आणि त्याच्या कोटाची उजवी बाही रिकामी होती. जनरल ऑलिव्हर ओटिस हॉवर्ड. यादवी युद्धात, १८६२ साली, व्हर्जिनियातल्या लढाईत त्यांचा हात गेला. गुलामगिरी टिकवायला निघालेल्या दक्षिणेविरुद्ध लढताना गेला, म्हणून जमलेली माणसं त्यांना आपलं मानत होती. आणि हॉवर्ड सांगायला आले होते, की तुम्ही कसताय ती जमीन जुन्या मालकांना परत करावी लागेल.

गॅलरीतून कुणीतरी ओरडलं, ‘‘जनरलसाहेब, आमच्या जमिनी का काढून घेता? आम्ही सरकारशी इमानानं राहिलो, आणि तुम्ही त्या आमच्या वैऱ्यांना देताय!’’

हॉवर्ड यांनी पुढे आपल्या आठवणींत हा प्रसंग स्वतःच लिहून ठेवला. गलका थांबेना, तेव्हा एका बाईनं भजन उचललं, सगळ्या चर्चनं साथ धरली आणि मग कुठे त्यांना बोलता आलं.

[दृश्य : नकाशा. चार्ल्स्टनपासून फ्लोरिडापर्यंतची किनारपट्टी हळूहळू रंगत जाते.]

नऊ महिने मागे जाऊ. १२ जानेवारी १८६५, जॉर्जियातलं सव्हाना शहर. युद्ध अजून संपलेलं नाही. उत्तरेचे जनरल शर्मन यांच्या फौजेमागून गुलामगिरीतून सुटलेली हजारो माणसं मळे सोडून चालत आलीत. पुढे यांचं करायचं काय, हे विचारायला युद्धमंत्री एडविन स्टँटन आणि शर्मन यांनी वीस कृष्णवर्णीय धर्मोपदेशकांना बोलावलं. सरकारनं अशा माणसांना बसवून ‘तुम्हाला काय हवं’ असं विचारावं, हेच मुळात नवल होतं.

वीस जणांच्या वतीनं बोलले गॅरिसन फ्रेझर. वय ६७. आठ वर्षांपूर्वी हजार डॉलर मोजून त्यांनी स्वतःला आणि आपल्या बायकोला विकत घेतलं होतं. त्यांचं उत्तर सरळ होतं : आमचं आम्ही बघायचं तर आम्हाला जमीन हवी, आम्ही ती आमच्या कष्टानं नांगरू आणि पिकवू.

आपल्याकडे ‘कसेल त्याची जमीन’ म्हणतात. फ्रेझर यांचं म्हणणं याहून वेगळं नव्हतं.

चारच दिवसांनी शर्मन यांचा विशेष आदेश क्रमांक १५ निघाला. चार्ल्स्टनपासून दक्षिणेकडे फ्लोरिडातल्या सेंट जॉन्स नदीपर्यंतची बेटं, आणि किनाऱ्यापासून आत तीस मैलांपर्यंतची पडीक पडलेली भातखाचरं, मालक पळून गेलेली, मुक्त झालेल्यांसाठी राखून ठेवली. कुटुंबामागे जास्तीत जास्त ४० एकर. फौजेची थकलेली जनावरंही काहींना मिळाली. त्यातूनच ‘चाळीस एकर आणि एक खेचर’ हे शब्द जे तोंडी बसले ते आजवर. जूनपर्यंत सुमारे ४० हजार माणसं या पट्ट्यात कसायला लागली होती.

पण आदेशातली एक गोष्ट नीट पाहायला हवी. त्यानं दिला होता तो ताबा. मालकीचा निर्णय पुढे काँग्रेस, म्हणजे अमेरिकेची संसद, करेल, असं ठेवलं होतं. ज्यांच्या घरात जमिनीचा दावा आजोबांपासून चालत आलाय, त्यांना ताबा असणं आणि सातबाऱ्यावर नाव असणं यांतला फरक सांगायला नको.

[दृश्य : कायद्याचा जुना छापील मसुदा.]

३ मार्च १८६५ रोजी काँग्रेसनं कायदा करून एक नवं खातं उघडलं. नाव लांबलचक : निर्वासित, मुक्तजन आणि सोडून दिलेल्या जमिनी यांचा विभाग. लोक त्याला नुसतं ‘फ्रीडमन्स ब्युरो’ म्हणत. युद्ध संपल्यावर एक वर्ष, एवढीच त्याची मुदत. कारभार युद्धखात्याकडे. पहिल्या वर्षासाठी स्वतंत्र तरतूद म्हणाल तर एक डॉलर नाही. कपडे, औषधं, धान्य, जे काही असेल ते फौजेच्या कोठारातून मागून घ्यायचं. आणि काम? चाळीस लाखांच्या आसपास माणसं गुलामगिरीतून बाहेर पडली होती. त्यांचं अन्न, दवाखाने, शाळा, मजुरीचे करार, तंटे, लग्नांची नोंद, हे सगळं. इतक्या मोठ्या प्रदेशात या खात्याचे प्रतिनिधी एका वेळी ९०० च्या वर कधीच नव्हते.

कायद्यात जमिनीचीही तरतूद होती. ४० एकरांपर्यंतचा तुकडा तीन वर्षं भाड्यानं, आणि मग सरकार देऊ शकेल तशा हक्कानं विकत घेण्याची मुभा. ‘सरकार देऊ शकेल तशा’ हे शब्द कायद्यातलेच आहेत. पुढे काय वाढून ठेवलंय, याची चाहूल मसुदा लिहिणाऱ्यालाही असावी.

एप्रिलमध्ये लिंकन यांची हत्या झाली. उपाध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन अध्यक्ष झाले. टेनेसीतले, गरिबीतून वर आलेले, मळेवाल्यांच्या ऐटीवर जळणारे. म्हणून काहींना त्यांच्याकडून आशा होती. २९ मे रोजी त्यांनी बंडखोरांना माफी जाहीर केली. निष्ठेची शपथ घ्या, गुलाम सोडून बाकीची मालमत्ता परत घ्या. बड्या धनिकांना वेगळा अर्ज करावा लागे, आणि ते अर्ज धडाधड मंजूर होत गेले.

ब्युरोचे प्रमुख होते हेच जनरल हॉवर्ड. त्यांनी जुलैच्या अखेरीस परिपत्रक काढलं, की माफी मिळाली तरी मुक्तजनांसाठी राखलेली जमीन परत जाणार नाही. जॉन्सन यांनी ते रद्द करायला लावलं. सप्टेंबरात दुसरं परिपत्रक निघालं, उलट्या अर्थाचं. त्याखाली सहीही हॉवर्ड यांचीच. हॉवर्ड वाईट माणूस नव्हते. श्रद्धाळू होते, कनवाळू होते. पण हुकमाचे ताबेदार होते, आणि त्याच हुकमाचा निरोप घेऊन ते एडिस्टोला गेले होते.

[दृश्य : हस्तलिखित पत्राचं जवळून चित्रण. वेडंवाकडं, पण ठाम अक्षर.]

सभेनंतर बेटावरच्या तिघांच्या समितीनं त्यांना पत्र लिहिलं. हेन्री ब्रॅम, इश्मेल मोल्ट्री, येट्स सॅम्पसन. हॉवर्ड यांनी सभेत जमीनमालकांना क्षमा करा, असं सांगितलं होतं. त्याला हे उत्तर :

‘‘तुम्ही आम्हाला मालकांना क्षमा करा म्हणता. तुमचा फक्त उजवा हात गेला, तोही लढाईत. तुम्ही क्षमा कराल. पण ज्यानं मला झाडाला बांधून ३९ फटके मारले, माझ्या आईला आणि बहिणीला उघडं करून चाबकानं फोडलं, जो आज त्याच्या रिकाम्या झोपडीतही मला राहू देत नाही, त्याच्याच शेतात त्यानंच ठरवलेल्या दरानं राबायला कबूल झाल्याशिवाय. आणि जो इतरांशी संगनमत करून मला जमीन मिळू देत नाही, कारण माझी स्वतःची जमीन असती तर मी त्याच्या वाऱ्यालाही उभा राहिलो नसतो, हे त्याला पक्कं ठाऊक आहे... त्या माणसाला क्षमा करणं मला जमणार नाही.’’

जमिनीचा प्रश्न मजुरीशी कसा जोडलेला होता, हे यापेक्षा नेमकं कुणी सांगितलेलं माझ्या वाचनात नाही. कसायला चार एकर असले तर माणूस मजुरीचा दर ठरवतो. नसले तर दर मालक ठरवतो.

दक्षिण कॅरोलायनातले ब्युरोचे प्रमुख रूफस सॅक्स्टन यांनी लोकांना हुसकायला होता होईतो नकार दिला. जानेवारी १८६६ मध्ये त्यांना पदावरून दूर केलं गेलं. त्यानंतर जमिनी परत जाण्याचं काम भराभर झालं.

इथे एक जुना हिशेब सांगून ठेवतो. १८६२ मध्ये राजधानी वॉशिंग्टनमधली गुलामगिरी बंद केली, तेव्हा सरकारनं नुकसानभरपाई दिली होती, माणशी ३०० डॉलरपर्यंत. ती मिळाली मालकांना.

[दृश्य : करारनामा. तळाशी एक फुली.]

१८६५ चा नाताळ जवळ आला, तेव्हा दक्षिणेत सगळीकडे एक आशा पसरली होती, की नव्या वर्षाला सरकार जमीन वाटणार. म्हणून लोक मालकांशी वर्षाचे करार करायला तयार होईनात. ब्युरोचे अधिकारी गावोगाव फिरून सांगू लागले : जमीन मिळणार नाही, करार करा. जमीन द्यायला निघालेलं खातं करार करवून घेण्याच्या कामाला लागलं ते असं.

बहुतेक करारांवर सहीच्या जागी फुली आहे. शेजारी कारकुनानं लिहिलेलं नाव, आणि साक्षीला ब्युरोचा अधिकारी. मजुरी पीक निघाल्यावर, किंवा पिकातला वाटा. हातात रोकड नाही, म्हणून बियाणं, पीठ, कापड दुकानातून उधार. वाटणीच्या वेळी उधारी वजा. पुढचं गणित ज्यानं सावकाराची वही पाहिलीय त्याला माहीत आहे. तरी साक्षीला सरकारी माणूस असण्याचा काहीच उपयोग नव्हता, असंही नाही. पीक हाती आल्यावर मजुराला शेतातून हाकलून द्यायचं, ही मालकांची नेहमीची चाल. अशा तक्रारींनी ब्युरोच्या वह्या भरल्या आहेत. कृष्णवर्णीय माणसाची गोऱ्याविरुद्धची तक्रार कुणीतरी लिहून घेतं, बोलावणं धाडतं, हे दक्षिणेत पहिल्यांदा घडत होतं.

[दृश्य : १८६६ चं निवडणुकीचं भित्तिपत्रक.]

हे पेनसिल्व्हेनियातलं प्रचाराचं भित्तिपत्रक. आरामात पाय पसरून लोळणारा काळा माणूस, आणि त्याला पोसण्यासाठी राबणारे गोरे. मजकूर काय, तर गोऱ्यांच्या पैशांवर निग्रोंना आळशी ठेवणारं खातं.

ब्युरोनं दोन कोटींहून अधिक शिधे वाटले. त्यांतला पाव हिस्सा तरी युद्धात उघड्यावर पडलेल्या गोऱ्यांच्या घरी गेला. भित्तिपत्रकाला त्याचं सोयरसुतक नव्हतं. फेब्रुवारी १८६६ मध्ये ब्युरोची मुदत वाढवणारं विधेयक जॉन्सन यांनी नाकारलं; जुलैमध्ये काँग्रेसनं नवं विधेयक त्यांचा नकार ओलांडून मंजूर केलं. दवाखान्यांत सुमारे पाच लाख रुग्णांवर उपचार झाले, पण ती व्यवस्था तुटपुंजी आणि फार लवकर गुंडाळलेली.

शाळांचं मात्र वेगळं. दक्षिणेतल्या अनेक राज्यांत गुलामाला लिहायला-वाचायला शिकवणं हा गुन्हा होता. आता एकाच खोलीत नातू आणि आजी बाराखडी गिरवत होते. १८७० पर्यंत चार हजारांवर शाळा, नऊ हजारांवर शिक्षक आणि जवळजवळ अडीच लाख विद्यार्थी झाले. शिक्षणावर सुमारे ६० लाख डॉलर खर्च झाले, आणि त्यातले साडेसात लाख या लोकांनी आपल्या पदरचे घातले. ज्यांच्या पदरात काही नव्हतं, त्यांनी. मे १८६६ मध्ये टेनेसीतल्या मेम्फिस शहरात गोऱ्या जमावानं ४६ कृष्णवर्णीयांना मारलं, तेव्हा घरांबरोबर शाळाही वेचून जाळल्या. काय जाळायचं ते जमावाला नेमकं कळलं होतं. वॉशिंग्टनमध्ये १८६७ साली निघालेलं हॉवर्ड विद्यापीठ त्याच जनरलच्या नावाचं आहे, आणि आजही चालू आहे.

३० जून १८७२ रोजी ब्युरो बंद झाला. त्याची बहुतेक कामं त्याच्या साडेतीन वर्षं आधीच थांबली होती.

पुण्यात जेमतेम वर्षभरानं, १८७३ मध्ये, जोतीराव फुल्यांची ‘गुलामगिरी’ छापून झाली. पुस्तक अर्पण केलंय अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, निग्रोंना दास्यातून मुक्त करण्याच्या कामी त्यांनी दाखवलेल्या औदार्यासाठी. ती अर्पणपत्रिका आपण शाळेपासून ऐकतो. सरकारनं तोवर आपलं दुकान आवरलं होतं, हे तिच्याशेजारी ठेवून मी तरी पहिल्यांदाच वाचलं.

[दृश्य : जुनं बँक पासबुक.]

आणखी एक कागद. ब्युरोच्या कायद्याच्याच दिवशी मुक्तजनांसाठी बचत बँकेची सनदही मंजूर झाली. पाच सेंटपासून खातं. बँक खासगी होती. पण पासबुकावर लिंकन यांचं चित्र, ब्युरोचे अधिकारी प्रचाराला, कार्यालयंही बऱ्याचदा शेजारीशेजारी. लोकांनी ती सरकारचीच मानली. वॉशिंग्टनमधल्या संचालकांनी पैसा भलत्या कर्जांत घातला. मार्च १८७४ मध्ये फ्रेडरिक डग्लस यांना, स्वतः गुलामगिरीतून निसटलेल्या नामवंत कृष्णवर्णीय नेत्याला, बँकेचं अध्यक्ष केलं. त्यांनी स्वतःचे दहा हजार डॉलर घातले, आणि महिन्या-दोन महिन्यांत त्यांना कळलं की खालून तळच गेलाय. जूनअखेर बँक बुडाली. ६१ हजार खातेदार, सुमारे ३० लाख डॉलर. काहींना वर्षांनुवर्षांनी हप्त्याहप्त्यानं थोडं मिळालं. पुष्कळांना काहीच नाही.

[दृश्य : नोंदवहीचं पान. आडवे रकाने, फिकट झालेली शाई.]

ब्युरोच्या वह्या मात्र राहिल्या. पंधरा लाखांहून अधिक पानं. ती आता संगणकावर चढली आहेत. हजारो स्वयंसेवकांनी ती वाचून जवळजवळ अठरा लाख नावं उतरवून काढली. १८७० च्या जनगणनेआधी दक्षिणेत गुलामांची मोजदाद नावानं होत नसे. मालकाचं नाव, खाली वय आणि लिंग. त्यामुळे आपली पणजी शोधणाऱ्या कितीतरी अमेरिकनांना तिचं नाव पहिल्यांदा या वह्यांतच सापडतं.

ही मिसिसिपीतली लग्नांची नोंदवही. फौजेचे धर्मगुरू ती लिहायचे, पुढे ती ब्युरोच्या दप्तरात आली. गुलामांचं लग्न कायद्यानं लग्न नव्हतंच. म्हणून वर्षानुवर्षं संसार केलेली जोडपी रांगेत उभी राहून लग्न लावून घेत होती. रकाने वाचा. नाव. वय. आधी दुसऱ्या कुणाबरोबर राहत होता का. किती वर्षं. त्या नात्यातून मुलं किती.

आणि एक अरुंद रकाना : कशामुळे वेगळे झालात. काही ओळींत ‘मृत्यू’ लिहिलंय. काहींत ‘विक्री’.