ब्लॉक, मेगाब्लॉक आणि ब्लॉकबस्टर

(ठाण्यात, नौपाड्यातल्या एका वाचक कट्ट्यावर दिलेलं व्याख्यान. ध्वनिमुद्रणावरून शब्दांकन. पुनरुक्ती कमी केली आहे, विषयांतरं ठेवली आहेत.)

मंडळी, आज रविवार, त्यात मेगाब्लॉक. तरीही डोंबिवली-कल्याणकडची माणसं आलेली दिसताहेत. जलद गाड्या धीम्या मार्गावर, धीम्या गाड्या देवाच्या भरवशावर, आणि तुम्ही मात्र वेळेत हजर. विषय ब्लॉकबस्टरचा आहे. खरं तर सत्कार तुमचाच व्हायला हवा. (हशा)

मला बोलताना फाटे फुटतात हे आयोजकांना ठाऊक आहे, म्हणून म्हणणं आधीच सांगून टाकतो. आपल्याकडे यश मोजायची रीत होती ‘किती दिवस चाललं’. ‘ब्लॉकबस्टर’ हा शब्द आला तो ‘आवाज किती मोठा झाला’ हे सांगत. आणि हल्ली तर आवाज व्हायच्या आधीच, माल विकणाराच तो आपल्या मालावर चिकटवून मोकळा होतो. शेवटी मी पैशाचा हिशेब मांडून हे दाखवणार आहे.

आधी ब्लॉक. आपल्याकडे पूर्वी माणूस फ्लॅट घ्यायचा नाही, ब्लॉक घ्यायचा. वन रूम किचनचा ब्लॉक. ‘त्यांनी डोंबिवलीला ब्लॉक घेतला’ म्हटलं की गिरगावातल्या चाळीत त्या बिऱ्हाडाचा निरोप समारंभ झालाच समजा. रेल्वेचा ब्लॉक तुम्हाला सांगायला नको. माझा ब्लॉक मात्र जस्ताचा. मी एका दैनिकाच्या जाहिरात विभागात होतो, छपाईचे खिळे, म्हणजे शिशाची सुटी अक्षरं, जुळवायच्या काळापासून. सिनेमाच्या जाहिरातींचं पान माझ्याकडे. लाकडी ठोकळ्यावर खिळ्यांनी ठोकलेली जस्ताची पट्टी, तिच्यावर उलटी अक्षरं, तो ब्लॉक. त्यातला एक कायम शाईनं माखलेला असे : तिरक्या अक्षरातला ‘हाऊसफुल्ल’. इतका वापरला, इतका वापरला, की ‘फु’चा उकार झिजून गेला आणि काही महिने आम्ही बिनदिक्कत ‘हाऊसफल्ल’ छापत होतो. एकाही वाचकाचं पत्र आलं नाही. शब्दकोड्यात वेलांटी चुकली तर पोस्टमन वाकून जाईल इतकी पत्रं यायची. (हशा) जाता जाता, हा शब्द मराठीच झाला म्हणा. इंग्रज दोन ‘एल’ लिहितो आणि एकच म्हणतो. आपण दोन्हींचे पैसे वसूल करतो.

आमच्या छपाईखात्याचे फोरमन, त्यांना सगळे नाना म्हणायचे. नानांचा एक नियम होता. पहिल्या आठवड्याच्या जाहिरातीत ‘अलोट गर्दी’ लावायची नाही. दुसऱ्या आठवड्याला ‘तुफान गर्दीचा 2 रा आठवडा’ चालेल. ‘अलोट’ चौथ्यापासून पुढे. ही उतरंड कुणी घालून दिली नव्हती, ती नानांच्या डोक्यात होती. एका गुरुवारी रात्री एका वितरकाचा माणूस आला. चित्रपट शुक्रवारी लागणार, आणि कागदावर ‘सर्वत्र हाऊसफुल्ल’. नानांनी चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, “उद्याची गर्दी आज कशी छापू?” तो म्हणाला, “नाना, वंदना बघा, मल्हार बघा, आराधना बघा, सगळीकडे ॲडव्हान्स फुल आहे.” नाना म्हणाले, “मग ‘ॲडव्हान्स फुल’ छापतो. हाऊस भरलं की ‘हाऊसफुल्ल’ छापतो.” बराच वेळ हे चाललं होतं. शेवटी वरून फोन आला आणि ‘सर्वत्र हाऊसफुल्ल’ छापलं. जाहिरातीचे पैसे नानांच्या खिशातून जात नव्हते. पण जाताना नाना जे बोलले ते मला आजच्या व्याख्यानाला पुरलंय : “गर्दीनं बोलायचं ते वाक्य हा माणूस बोलतोय.”

आता मूळ शब्दाकडे. पुष्कळांना वाटतं की थिएटरपासून निघालेली रांग अख्ख्या ब्लॉकला, म्हणजे चार रस्त्यांमधल्या इमारतींच्या चौकाला, वळसा घाली, म्हणून ब्लॉकबस्टर. गोष्ट छान आहे, पण खरी नाही. हा शब्द बॉम्बचा आहे. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाईदलानं 4,000 पौंडांचा, म्हणजे सुमारे 1,800 किलोंचा बॉम्ब बनवला. पातळ पत्र्याचं पिंप आणि आत जवळजवळ तीन चतुर्थांश वजन नुसत्या स्फोटकाचं. वैमानिक त्याला लाडानं ‘कुकी’ म्हणत, वर्तमानपत्रांनी ‘ब्लॉकबस्टर’ केलं : इमारतींचा अख्खा चौक उडवणारा. त्याचं काम ऐका. स्फोटानं घरांची छपरं आणि खिडक्या उडवायच्या, म्हणजे मागून टाकलेले आगलावे बॉम्ब थेट आत जाऊन घर पेटवतील. 1941 च्या मार्चअखेरीस तो पहिल्यांदा पडला जर्मनीतल्या एम्डेन शहरावर. एम्डेन म्हटल्यावर एक फाटा फुटणारच. याच शहराच्या नावाच्या जर्मन युद्धनौकेनं 22 सप्टेंबर 1914 ला मद्रासवर तोफा डागल्या होत्या. तेव्हापासून तमिळमध्ये बेरकी, धाडसी माणसाला ‘एम्डन’ म्हणतात. म्हणजे ज्या गावावर ब्लॉकबस्टर पडला, त्याचं स्वतःचं नाव आधीच आपल्या दक्षिणेत विशेषण होऊन बसलं होतं. असो.

1943 च्या मे महिन्यात अमेरिकेत ‘बॉम्बार्डियर’ नावाच्या युद्धपटाच्या जाहिरातीत हा शब्द चित्रपटाला लावला गेला. बॉम्बवाल्यांचा चित्रपट, म्हणून बॉम्बची उपमा. शब्द सिनेमात आला तो जाहिरातीतून आला, हे ध्यानात ठेवा. नाना असते तर तिथेच अडले असते.

आणि त्याच 1943 साली आपल्याकडे काय झालं? ‘किस्मत’ लागला. कलकत्त्याच्या रॉक्सी थिएटरात तो तीन वर्षांहून जास्त चालला. एका थिएटरात, तीन वर्षं. त्याच्याही आधी, 1936 चा प्रभातचा ‘संत तुकाराम’ मुंबईत एका थिएटरला वर्षाच्या वर चालला होता. ही झाली एक जोडी. दुसरी 1975 ची. त्या जूनमध्ये अमेरिकेत ‘जॉज’ लागला, तो एकाच दिवशी चारशेच्या वर थिएटरांत, आधी टीव्हीवर जाहिरातींचा मारा करून. आज आपण ज्याला ब्लॉकबस्टर म्हणतो, त्याचा साचा तिथे पडला असं मानतात. आणि 15 ऑगस्टला आपल्याकडे ‘शोले’. पहिल्या दिवसांत धंद्यातली मंडळी म्हणत होती, आपटला. मग लोकांनी लोकांना सांगितलं आणि मुंबईच्या मिनर्व्हा थिएटरला तो पाच वर्षं हलला नाही. तिकडे पहिल्या शनिवार-रविवारचा गल्ला, इकडे आठवडे. पंचवीस आठवडे रौप्यमहोत्सव, पन्नास सुवर्ण. दादा कोंडके यांचे लागोपाठ नऊ चित्रपट रौप्यमहोत्सवी झाले आणि गिनेस बुकात नाव गेलं, ते कोटींसाठी नव्हे, आठवड्यांसाठी. आपल्या तोंडात शब्दही तसेच : चालला, धो धो चालला, उचलून धरला, डोक्यावर घेतला. डोक्यावर घ्यायला कुणाचं तरी डोकं लागतं. आणि नाही चालला तर पडला, आपटला, डब्यात गेला. एकही शब्द निर्मात्याला स्वतःच्या सिनेमाला आधीच लावता येणार नाही. ‘येत्या शुक्रवारपासून डोक्यावर घेतलेला’ असं लिहून बघा. (हशा)

आता एक गोष्ट सांगायचीच आहे मला, आयोजक घड्याळाकडे बघताहेत तरी. अमेरिकेत ‘ब्लॉकबस्टिंग’ नावाचा एक धंदा होता. घरांचे दलाल गोऱ्यांच्या वस्तीत जाऊन घबराट पसरवायचे, की काळे लोक राहायला येताहेत, घरांचे भाव कोसळणार, आत्ताच विका. घाबरलेल्यांकडून घरं मातीमोल घ्यायची आणि काळ्या कुटुंबांना चढ्या भावानं विकायची. 1968 च्या कायद्यानं त्यावर बंदी आली. मी हे वाचलं तेव्हा वाटलं, बरं झालं, आपल्याकडे निदान हा प्रकार नाही. आणि मग आमच्या जावईबापूंना घर घ्यायचं झालं.

घोडबंदर रोडवर एका बिल्डरचं होर्डिंग. नाव घेत नाही, घेण्यात अर्थही नाही, कारण प्रत्येक होर्डिंगवर तेच असतं : ‘ब्लॉकबस्टर लाँच! 80 टक्के घरं विकली गेली!’ लाँच शनिवारी. होर्डिंग बुधवारपासून. जावई म्हणाले, बाबा, तुम्ही चला, तुम्हाला जाहिरातीतलं कळतं. गेलो. एसी इतका की शाल लागावी. नारळपाणी, इमारतीचं छोटं मॉडेल, त्यात चिमुकली झाडं, चिमुकली माणसं, चिमुकला स्विमिंग पूल. आणि भिंतीवर मजल्यांचा तक्ता. विकलेल्या घरावर लाल टिकली. वरून खालपर्यंत लालच लाल. सेल्समधला मुलगा म्हणाला, “सर, अकराव्यावर फक्त दोन उरलेत, आणि एकावर दुपारी एक फॅमिली येतेय.” जावयांनी चेकबुकाला हात घातला. मी पाणी प्यायला म्हणून टेबलामागे गेलो. तिथे एक मुलगी बसली होती. तिच्यासमोर लाल टिकल्यांचा कागद, अर्धा रिकामा. ती एकेक टिकली नखानं सोडवून तक्त्याच्या दुसऱ्या प्रतीवर, बी विंगच्या, लावत होती. हातात कसलीच यादी नव्हती. मी विचारलं, “हे कुणी घेतलं, चौदावा मजला?” ती गोड हसली आणि म्हणाली, “काका, बी विंग अजून ओपन नाहीये.”

मंडळी, अमेरिकेतला दलाल सांगायचा, शेजारी कोण येतंय बघ, पळ. हा सांगतो, शेजारी सगळे येऊन बसलेत, तूच राहिलास, धाव. दोन्हीकडे भीती विकायची. घर घेतलं का, असं विचारताय? घेतलं. अकराव्यावरच. (हशा) जावई कुणाचं ऐकतात? ताबा ठरल्यापेक्षा पुष्कळ उशिरा मिळाला, पार्किंगवरून अजून पत्रव्यवहार चालू आहे, आणि येता-जाता मला बी विंगची चौदाव्या मजल्यावरची माणसं भेटतात. त्यांनी ते घर दोन दिवाळ्यांनंतर घेतलं, थेट बिल्डरकडूनच. ‘तुमच्यावर टिकली लागली तेव्हा मी तिथे होतो’ हे मी त्यांना अजून सांगितलेलं नाही.

चिठ्ठी आली. ‘पाच मिनिटं’. खाली दोन रेघा मारल्यात. बरं.

तर हिशेब. भराभर घेतो. शंभर कोटी म्हणजे काय? 2008 मध्ये ‘गजिनी’ देशात शंभर कोटींच्या पुढे गेला आणि त्या आकड्याचा क्लबच झाला. मराठीत 2016 मध्ये ‘सैराट’नं तो आकडा गाठला. पण आकडे दोन असतात, ग्रॉस म्हणजे तिकिटांचा सगळा गल्ला आणि नेट म्हणजे कर वजा जाता उरलेला. पोस्टरवर ग्रॉस, कारण तो मोठा. शंभर कोटी ग्रॉसमधून 18 टक्के दरानं जीएसटी वजा करा, राहिले पावणेपंच्याऐंशीच्या आसपास. त्यातला साधारण निम्मा थिएटरवाल्यांचा, आणि जसजसे आठवडे जातात तसतसा त्यांचा वाटा वाढतो. म्हणजे चित्रपटवाल्याच्या हाती बेचाळीस धरा. तो साठ कोटींत केला असेल तर तिकीटबारीवर तो तोट्यात आहे, पोस्टरवर ब्लॉकबस्टर आहे. टीव्ही आणि ओटीटीचे हक्क वेगळे, ते त्याला तारतील किंवा नाही. उलट दोन कोटींत केलेला चित्रपट दहा कोटी ग्रॉस आणतो, त्याच्या हाती चारच्या वर येतात, म्हणजे दुप्पट. त्याला कुणी ब्लॉकबस्टर म्हणत नाही. शिवाय तिकीट पन्नासचं होतं तेव्हाचे कोटी आणि अडीचशेचं आहे तेव्हाचे कोटी यांची तुलनाच होत नाही. एकच रक्कम जमवायला आधी पाचपट माणसं लागायची. माझा आग्रह इतकाच, की माणसं किती आली ते छापा. ते कुणी छापत नाही.

औषधधंद्यात तरी या शब्दाला मोजमाप आहे. इथे ठाणे-बेलापूर रोडच्या कंपन्यांतून निवृत्त झालेले कुणी असतील तर दुजोरा देतील. वर्षाला एक अब्ज डॉलरच्या वर विक्री झाली तर ते ब्लॉकबस्टर औषध. अल्सरवरचं सिमेटिडीन हे त्यातलं पहिलं समजतात. तिथे बाजारात यायच्या आधी फार तर ‘होऊ शकेल’ असं म्हणतात. आणि ब्लॉकबस्टर नावाची व्हिडिओ कॅसेटची अमेरिकन दुकानसाखळी होती, 1985 ला निघाली, 2010 ला दिवाळखोरीत गेली. नावात घेऊनसुद्धा चाललं नाही.

नाटकवाल्यांनी मात्र रीत सोडलेली नाही. उद्याचा पेपर उघडा, गडकरी रंगायतनची जाहिरात बघा, घाणेकरची बघा, वाशीच्या भाव्यांची बघा. कितवा प्रयोग ते लिहिलेलं सापडेल. ‘वस्त्रहरण’चे पाच हजारांवर प्रयोग झाले. त्याला ब्लॉकबस्टर म्हणायची गरज मालवणी माणसाला कधी पडली नाही, आणि म्हटलं असतं तर त्यानं चार शिव्या घालून विचारलं असतं, म्हणजे काय रे?

दुसरी चिठ्ठी आली. तिसऱ्या रांगेतल्या ताईंचा हात वर आहे, बहुधा ‘ओटीटीचं काय?’ असंच विचारायचंय. तिथे तर गर्दी दिसतच नाही, आकडा देणाराही तोच आणि टाळ्या वाजवणाराही तोच, त्यावर वेगळं बोलावं लागेल. ताई, जिन्यात बोलू. हॉल साडेसातला सोडायचाय, पुढचं बुकिंग वाढदिवसाचं आहे आणि फुगेवाला मघापासून दारात उभा आहे.