चौदा वर्षं एका प्रश्नामागे

मंडळी, माहितीपटकार आनंद पटवर्धन हे नाव निघालं की गाडी आधी कोर्टकचेरीवर जाते. साहजिकच आहे. ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉर बोर्डाने २१ ठिकाणी कात्री लावायला सांगितली, तर हे गृहस्थ मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि २००३ मध्ये एकही काट न देता माहितीपट सोडवून आणला. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ १९९५चा. दूरदर्शनने तो दाखवावा, हा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल यायला २००६ उजाडलं.

पण मला विचाराल तर त्यांची खरी चिवट वृत्ती दिसते ती चित्रीकरणात. ‘हमारा शहर’ घ्या, १९८५चा. मुंबईत झोपड्या पाडण्याचं सत्र चालू आहे, आणि एक बाई थेट कॅमेऱ्यामागच्या माणसावरच उखडते: तुम्ही आमचं शूटिंग करून नाव कमावणार, त्यात आमच्या पदरात काय? संकलनात तो तुकडा गुपचूप उडवता आला असता. उडवला नाही. माहितीपट करणाऱ्या कितीजणांना हे झेपेल, मला शंका आहे.

त्याच माहितीपटात विलास घोगरे गातात. डाव्या चळवळीतले शाहीर, मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे. पुढे ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर उतरले आणि राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात दहा जणांचा जीव गेला. चौथ्या दिवशी घोगऱ्यांनी स्वतःला संपवलं. जाताना डोक्याला निळं फडकं बांधलेलं होतं. लाल झेंड्याखाली गाणाऱ्याने शेवटी निळा का जवळ केला? पटवर्धनांना या प्रश्नाने धरलं ते चौदा वर्षं. वर्तमानपत्रांचा रमाबाई नगरातला रस आटला, तरी कॅमेरा तिथे जातच राहिला.

त्यातून ‘जय भीम कॉम्रेड’ झाला. तीन तासांच्या घरातला आहे, आणि खरं सांगायचं तर एक-दोन जागी रेंगाळतो. पण त्यातली भीमगीतं, जलसे, वस्तीतल्या बायाबापड्यांची गाणी कडव्या-कडव्याने ऐकू येतात, ती या ऐसपैसपणामुळेच. आंबेडकरी चळवळीचा विचार मोठ्या प्रमाणात गाण्यातून फिरला. दहा-दहा सेकंदांचे तुकडे लावले असते तर तो विचारच सुटला असता. कबीर कला मंच या पुण्याच्या सांस्कृतिक पथकाची तरुण मुलंही यात गातात. माहितीपट पुरा होईपर्यंत त्यांच्यातले काही भूमिगत झाले होते, म्हणजे चौदा वर्षांपूर्वीच्या प्रश्नाला तोवर नवे फाटे फुटले होते.

आणि दाखवायचा कुठे? थिएटरवाले कुठे विचारतायत! २०१२मध्ये मुंबईच्या वस्त्यांमधून, मोकळ्या जागेत पडदा लावून खेळ झाले. ज्यांची गाणी होती, ती माणसं समोर बसून बघत होती.