विटा झेलणारा पोरगा

मिसिसिपीतला उन्हाळा. क्रॉफर्ड नावाचं इवलंसं गाव. एका अर्धवट बांधकामाच्या परांचीवर किडकिडीत पोरगा उभा आहे, खाली त्याचे भाऊ. खालून वीट येते. पोरगा झेलतो, रचतो, पुन्हा हात पुढे करतो. कधी भाऊ चार विटा एकदम भिरकावतात. वर येता येता त्या सुटतात, एक इकडे, एक तिकडे. पोरगा चारही पकडतो. हातातून वीट निसटली तर पायाचं काय होईल ते वेगळं सांगायला नको.

बाप जो नेथन राइस, पेशाने गवंडी. घरात आठ भावंडं. सुट्टी लागली की पोरं बापाच्या हाताखाली. या पोराला विटांचा वीट आला होता हे खरं, पण हात तिथेच तयार झाले. पोराचं नाव जेरी राइस.

मैदानावर तो पोचला तो मात्र पायांमुळे. शाळेत तास बुडवून भटकत असताना मागून शाळेचे एक अधिकारी आले. जेरी असा सुसाट पळाला की ते बघतच राहिले. दुसऱ्या दिवशी शिक्षा झाली आणि फुटबॉलच्या प्रशिक्षकाकडे रवानगीही झाली.

अमेरिकन फुटबॉल आपल्याकडे फारसं कुणी बघत नाही, म्हणून थोडं सांगायला हवं. नाव फुटबॉल, पण चेंडू बहुतेक वेळ हातातच. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं, नाहीतर चेंडू समोरच्यांकडे. फेकणारा तो क्वार्टरबॅक, पळत जाऊन झेलणारा तो रिसीव्हर. गंमत अशी, की कित्येकदा चेंडू हातातून सुटतो तेव्हा रिसीव्हर वळलेलासुद्धा नसतो. ठरलेल्या पावलावर तो वळतो आणि चेंडू समोर येऊन ठेपलेला असतो. एक पाऊल चुकलं की सगळं मुसळ केरात.

मोठ्या विद्यापीठांनी राइसला विचारलंही नाही. तो गेला इटा बेना गावच्या मिसिसिपी व्हॅली स्टेटमध्ये. कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांसाठी स्थापन झालेली ही छोटी संस्था. प्रशिक्षक आर्ची कूली यांचं धोरण एकच, फेकत राहा. विली टॉटन फेकायचा, राइस झेलायचा. १९८४ च्या एका हंगामात त्याने झेल घेऊन २७ टचडाउन केले, म्हणजे चेंडू घेऊन समोरच्यांच्या टोकाची रेषा २७ वेळा गाठली. पोरांनी त्याचं नावच पाडलं ‘वर्ल्ड’, कारण या जगात त्याला न झेलता येणारा चेंडू नाही.

त्याच ऑक्टोबरमध्ये सॅन फ्रान्सिस्को फोर्टीनाइनर्स या व्यावसायिक संघाचे प्रशिक्षक बिल वॉल्श ह्यूस्टनमधल्या हॉटेलात टीव्ही बघत बसले होते. छोट्या कॉलेजांच्या सामन्यांची क्षणचित्रं चालली होती, त्यात राइस दिसला. पुढच्या वर्षीच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात तिथे, वॉल्श यांनी सौदा करून वरचा नंबर मिळवला आणि १६ व्या क्रमांकावर त्याला उचललं. अनेकांचं म्हणणं होतं, पोरगा तसा वेगवान नाही.

सुरुवात बघता त्यांचंच खरं होणार असं वाटत होतं. विटा झेलणाऱ्या हातांतून चेंडू सुटू लागले. घरच्या मैदानावर हुर्यो उडाली. मग डिसेंबरमध्ये रॅम्सविरुद्धच्या एका सामन्यात त्याने १० झेल आणि २४१ यार्ड काढले, आणि हुर्यो थांबली ती थांबलीच.

१९८७ साली खेळाडूंच्या संपामुळे त्याच्या वाट्याला १२ च सामने आले. त्यात २२ टचडाउन झेल. रँडी मॉसने २००७ मध्ये २३ करून हा विक्रम मोडला, पण त्याला १६ सामने लागले.

आता जानेवारी १९८९. मायामी, सुपर बोल म्हणजे हंगामाचा अंतिम सामना, समोर सिनसिनाटी बेंगल्स. त्याच आठवड्यात सरावात राइसचा घोटा मुरगळलेला. साडेतीन मिनिटांहूनही कमी वेळ उरलाय, संघ तीन गुणांनी मागे, आणि टचडाउन ९२ यार्ड लांब. क्वार्टरबॅक जो मोंटाना एकेक पास जोडत निघतो. मध्येच दंड होतो, आता दहाऐवजी २० यार्ड काढायचे आहेत. चेंडू राइसकडे, २७ यार्ड! शेवटच्या डावात राइस आडवा पळत जातो, बचाव त्याच्याकडे वळतो, आणि मोंटाना फेकतो तो जॉन टेलरकडे. ३४ सेकंद शिल्लक. २०–१६. राइसचे ११ झेल, २१५ यार्ड, सामनावीर तोच. पण मला विचाराल तर त्या दिवसाचं त्याचं सर्वांत मोलाचं काम म्हणजे ती शेवटची हुलकावणी. तिची नोंद कुठल्याच आकड्यात नाही.

हंगाम संपला की बाकीचे सुट्टीवर, हा एजवुड पार्कच्या टेकडीवर. अडीच मैलांची चढण, रोज. सोबत यायची हौस असलेले संघसहकारी थोड्याच दिवसांत गळायचे. २०१० मध्ये हॉल ऑफ फेममध्ये, दिग्गजांच्या मानाच्या पंगतीत, दाखल होताना राइसने कारण सांगितलं: भीती, हरण्याची. आणि एक खंतही बोलून दाखवली, की या सगळ्याचा आनंद घ्यायला तो कधी थांबलाच नाही.

१९९४ मध्ये त्याने जुन्या काळचा दिग्गज जिम ब्राउन याचा कारकिर्दीतल्या १२६ टचडाउनचा विक्रम मोडला. १९९७ मध्ये गुडघ्याचा अस्थिबंध तुटला, तरी त्याच डिसेंबरमध्ये गडी मैदानात. टचडाउन केला आणि उतरताना गुडघ्याची वाटी तडकली. तोही थांबवू शकला नाही. २००१ पासून ओकलंड रेडर्स, आणि चाळिशी ओलांडली त्या हंगामात ९२ झेल, १,२११ यार्ड.

कारकिर्दीत झेल घेऊन एकूण २२,८९५ यार्ड. सलग पंधरा वर्षं, दर वर्षी दीड हजार यार्ड काढले तरी ३९५ कमीच पडतात. दुसऱ्या क्रमांकावरचा लॅरी फिट्झजेराल्ड निवृत्त झाला तेव्हा ५,४०३ यार्डांनी मागे होता.

मग सिअ‍ॅटल, मग डेन्व्हरचं सराव शिबिर. तिथे पहिल्या फळीत जागा नव्हती. सप्टेंबर २००५ मध्ये, ४२ व्या वर्षी, त्याने निवृत्ती जाहीर केली.

पुढच्या वर्षी फोर्टीनाइनर्सने त्याला एका दिवसासाठी पुन्हा करारबद्ध केलं, त्यांचाच खेळाडू म्हणून निवृत्त होता यावं म्हणून. करारावर रक्कम होती १९,८५,८०६ डॉलर आणि ४९ सेंट. १९८५ हे आगमनाचं साल, ८० त्याच्या जर्सीचा नंबर, ०६ या औपचारिक निवृत्तीचं साल, ४९ संघाचं नाव. प्रत्यक्षात त्यातला एक सेंटही त्याला मिळायचा नव्हता.